मेलेल्या सासूनं नाकारलेलं समन्स

बनुबाई रागीट होती हे बोरखडीत कुणाला सांगावं लागत नसे. सांगली संस्थानातल्या माहेराहून ती लग्न करून या कृष्णाकाठच्या गावात आली, तेव्हा वरातीच्या वाटेवरच तिनं गाडीवानाच्या हातातली पराणी ओढून घेतली होती. बैलाला उगीच टोचतोय म्हणून. नवी नवरी, अंगावर हळद, आणि हातात पराणी. सासू अंबूबाई म्हणायची, "सून न्हवं, जळतं लाकूड आणलंय घरात. धरायचं कुठनं त्येच कळंना." पण म्हणताना ती हसायची. दोघींचं चांगलं जमलं. नवरा नाथाजी तिसऱ्याच स्वभावाचा, शांत. कुणी दोन शब्द जास्त बोललं तरी ऐकून घेणारा.

लढाई सुरू झाली आणि नाथाजी पलटणीत भरती झाला. आधी मिसर देशात, मग इटलीत गेला. बेचाळीसच्या पावसाळ्यात नदीचं पाणी आळीत शिरलं, हगवणीची साथ आली आणि अंबूबाई तीत गेली. नाथाजी साता समुद्रांपलीकडं होता. तोंडात पाणी बनुबाईनंच घातलं. आळीतल्या माणसांनी खांदा दिला. पोटी मूल नव्हतं, त्यामुळं घरात उरल्या बनुबाई आणि दोन म्हशी.

घर म्हणजे पुढं सोपा, मागं स्वयंपाकाची खोली आणि तिच्या शेजारी गोठा. दोन्हींच्या पश्चिमेच्या भिंतीपलीकडं बोळ होता आणि बोळाच्या टोकाला भाऊसोचा उसाचा मळा. भाऊसो गावातला वजनदार माणूस. तालुक्याच्या कचेरीत त्याची ऊठबस असायची, वकील त्याच्या पंक्तीला जेवायचे. त्यानं मळ्यात नवं गुऱ्हाळ घातलं होतं आणि उसाच्या गाड्यांना नदीकडून मोठा वळसा पडत होता. बोळ रुंद झाला की गाडी सरळ आत जाणार होती, आणि बोळ रुंद व्हायला बनुबाईची स्वयंपाकाची खोली आड येत होती. त्यानं एकदा येऊन जागा मागितली होती. बनुबाई म्हणाली, "मालक पलटणीतनं आल्याव त्येंनाच इचारा. मी देनार न्हाई." भाऊसो मान हलवून निघून गेला. बनुबाईला वाटलं, विषय संपला.

चव्वेचाळीसच्या शिमग्यानंतर एका सकाळी दारात खाकी कोट घातलेला एक माणूस उभा राहिला. हातात कागद, मागं भाऊसोचा कारभारी.

"नाथाजीचं घर हेच का?" त्यानं विचारलं.

"हेच. तुमी कोन?"

"मी कोर्टाचा बेलीफ. मागची खोली आणि गोठा खाली करा. हुकूमनामा झालाय. बांधकाम भाऊसोच्या जागेत आहे, ते पाडून जागा ताब्यात द्यायची आहे. येत्या आठवड्यात माणसं घेऊन येतो."

बनुबाईच्या हाताला शेण लागलेलं होतं. ते तसंच ठेवून ती पुढं आली. "कसला हुकूमनामा? कुनी केला?"

"कोर्टानं. दावा लागला होता. तुमच्याकडून कुणी आलं नाही, म्हणून एकतर्फी झाला."

"आमास्नी कुनी बलिवलंच न्हाई, तर येनार कसं?"

"समन्स निघालं होतं, बाई. मी स्वतः घेऊन आलो होतो. तुमच्या सासूनं घेतलं नाही. म्हणून दारावर डकवलं."

"कुनी घेतलं न्हाई?"

"सासूनं. अंबूबाईनं. तसा माझा रिपोर्ट आहे, पंचाचा आंगठा आहे त्यावर."

बनुबाईला वाटलं, आपण चुकीचं ऐकलं. मग तिनं विचारलं, "कवाची गोष्ट ही?"

"गेल्या दिवाळीच्या आधीची."

"गेल्या दिवाळीच्या आदी," बनुबाई म्हणाली, "माझी सासू मरून वरीस उलटलं हुतं. नदीच्या कडंला जाळली तिला. कुठं भेटली तुमाला ती? मसनात गेला हुता काय समन्स घिऊन?"

बेलिफाचा चेहरा उतरला. त्यानं कारभाऱ्याकडं पाहिलं, कारभाऱ्यानं बोळाकडं. मग बेलीफ कागदाची घडी घालत पुटपुटला, "जे काय असेल ते कोर्टात सांगा. मला वॉरंट बजावायचं आहे." आणि तो चालू लागला. बनुबाई त्याच्या मागं चावडीपर्यंत गेली आणि चावडीसमोर उभी राहून सगळ्या गावाला ऐकू जाईल अशा आवाजात तिनं त्याचा उद्धार केला. दिवाळीआधी तो आळीत पाऊलही न टाकता भाऊसोच्या सोप्यात चहा पिऊन परत गेला होता, हे तिला त्याच वेळी चावडीवरच्या एका म्हाताऱ्यानं हळूच सांगितलं, आणि बाकीच्यांनी माना खाली घातल्या. सगळ्यांना माहीत होतं. तिलाच नव्हतं.

पंच म्हणून आंगठा कुणाचा होता हेही दुपारपर्यंत कळलं. ज्ञानूचा. ज्ञानू शेजारचा, भिंतीला भिंत लागून राहणारा. ती त्याच्या दारात गेली तेव्हा तो दावं वळत बसला होता.

"ज्ञानूभावजी, अंबूबाई जित्ती हाय असं तुमी लिवून दिलं?"

ज्ञानूनं मान वर केली नाही. "मी काय लिवलं न्हाई, वैनी. मला लिवाय कुठं येतंय. भाऊसोनं कागुद पुढं केला, आंगठा कर म्हनाला, केला. मी त्येंच्या मळ्यात कामाला हाय."

"आन् माझं घर पाडत्यात त्ये?"

"मी काय करू? मी न्हाई म्हनलो असतो तर दुसऱ्यानं केला असता."

बनुबाईनं त्याच्या हातातलं दावं ओढलं आणि अंगणात भिरकावलं. ज्ञानू उठला नाही. ती परत आली. त्या दिवशी तिनं चूल पेटवली नाही, भूकच मेली होती. भाऊसोचा राग तिला आलाच होता, पण तो ओळखीचा होता. अशा माणसाकडून दुसरं काय मिळायचं? ज्ञानूचा राग मात्र तिच्या छातीत अडकून बसला.

गावात दोन प्रकारचे सल्ले मिळाले. तिचा भाऊ सांगलीहून धावत आला आणि म्हणाला, "आक्का, म्हशी सोड, भांडी बांध, माहेरी चल. नवरा आला की बघंल." बनुबाईनं त्याला जेवायला घातलं आणि परत पाठवलं. दुसरा सल्ला आळीतल्या पोरांचा. त्या वर्षांत आमच्या भागात पत्री सरकारचा दरारा होता. गावगुंड आणि सावकार रात्री दाराला आतून अडसर घालून झोपत. पोरं म्हणाली, "काकू, एक निरोप धाडतो. भाऊसोचं तळपाय सुजलं की आपसूक गप बसंल."

बनुबाईला मोह झाला नाही असं नाही. तिनं खूप विचार केला. मग म्हणाली, "त्येचं पाय मोडून मला काय करायचंय? कोर्टाच्या कागदावर माझी सासू जित्ती ऱ्हायली, त्ये कोन पुसनार? खोटं ज्या कागदावर लिवलंय, त्याच कागदावर खरं लिवलं पायजे. मी कोर्टात जानार."

तालुक्याच्या गावी तिला वकील मिळेना. एक म्हणाला, भाऊसोचं काम माझ्याकडंच असतं. दुसऱ्यानं दारातूनच विचारलं, तुमचा पुरुषमाणूस कुठाय? तिसरा म्हणाला, हुकूमनामा झाला म्हणजे झाला, आता जागा देऊन मोकळ्या व्हा. तिथून ती साताऱ्याला निघाली. युद्धामुळं पेट्रोल मिळत नव्हतं, कोळशाच्या गॅसवर चालणारी सर्व्हिस मोटार चढावर थांबायची आणि उतारू खाली उतरून ढकलायचे. बनुबाईनंही ढकलली. शिपायांच्या घरच्यांसाठी जी कचेरी होती तिथं ती जाऊन बसली, आणि "उद्या या" म्हणणाऱ्या कारकुनाला म्हणाली, "उद्या माझं घर पडतंय. मालक तुमच्या लढाईत हायती. मी उठनार न्हाई." कंटाळून कारकुनानं तिला मोहोळकर वकिलांचं घर दाखवलं.

मोहोळकर वय झालेले, दम्याचे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. सासूचं आलं तेव्हा त्यांनी चष्मा काढला.

"बाई, ही लबाडी एकच नाही," ते म्हणाले. "दाव्यात तुमच्या नवऱ्याचा धंदा शेती लिहिला असणार. लष्करातल्या माणसाचं समन्स त्याच्या वरच्या अंमलदारामार्फत धाडावं लागतं. लढाईवर असलेल्या शिपायाविरुद्ध असा एकतर्फी हुकूमनामा टिकत नाही. तो रद्द करून मागता येतो."

"मंग करा रद्द."

"तसं लगेच होत नाही. अर्ज द्यायचा, भाऊसोला नोटीस जायची, साक्षी व्हायच्या. शिवाय नवऱ्याचं अधिकारपत्र लागेल, त्याच्या साहेबापुढं सही केलेलं. इटलीहून ते यायला किती महिने लागतील ते देवालाच ठाऊक."

"आन् तवर भिंत काय वाट बघत ऱ्हानार हाय?" बनुबाईचा आवाज चढला. "बेलीफ येत्या आठवड्यात येतोय, वकीलसायेब."

"म्हणूनच दोन अर्ज द्यायचे," मोहोळकर म्हणाले. "एक, हुकूमनामा रद्द करा. आणि दुसरा, पहिल्याचा निकाल लागेपर्यंत बजावणी तहकूब ठेवा, म्हणजे थांबवून धरा. आधी दुसरा. त्यालाच घाई आहे."

"म्हंजी खरं-खोटं मागनं, आदी नुसतं थांबा म्हनायचं?"

"हो. नुसतं थांबा."

तिला ते आवडलं नाही. आपण खरं बोलतो आहोत आणि कोर्टाला फक्त थांब म्हणायचं, हे तिला भीक मागितल्यासारखं वाटलं. पण तिनं आंगठा केला.

मोहोळकर दमा घेऊन तालुक्याच्या कोर्टात आले. बनुबाईसोबत गावातून एकच माणूस आला होता, रहिमान पिंजारी. त्याची आई मेहरुनबी आणि अंबूबाई जन्मभराच्या मैत्रिणी. अंबूबाईच्या अखेरच्या दिवशी मेहरुनबी उशाशी बसून होती. बाकी कुणी भाऊसोच्या भीतीनं आलं नाही.

भाऊसोच्या वकिलानं उभं राहताच हरकत घेतली. "प्रतिवादी हजर नाही, त्याचं वकीलपत्र नाही. ही बाई दाव्यात पक्षकार नाही. हिला बोलायचा अधिकारच नाही."

न्यायाधीशांनी बनुबाईकडं पाहून विचारलं, "तुमच्या नवऱ्याचं नाव काय?"

बायका नवऱ्याचं नाव घेत नसत. कोर्टाचा शिपाई सवयीनं पुढं झाला, शेजारच्या कुणाला तरी नाव विचारावं म्हणून. पण बनुबाई स्वतःच बोलली, मोठ्यानं. "नाथाजी. नाथाजी माझ्या मालकाचं नाव. इटलीत लढाईवर हाय. आन् माझी सासू अंबूबाई मरून गेली, तिच्या नावावर हितं खोटं लिवलंय. मला अधिकार न्हाई म्हनत्यात. मेलेल्या बाईला समन्स नाकारायचा अधिकार हुता, आन् जित्तीला बोलायचा न्हाई?"

"बाई, वकील बोलतील," न्यायाधीश कडक आवाजात म्हणाले. ती गप्प झाली, पण बसली नाही.

मोहोळकर सावकाश उठले. "हुकूमनामा बरोबर की चूक, हे आज ठरवू नये. माझं मागणं तेवढं मोठं नाही. आज भिंत पाडली आणि पुढं हुकूमनामा रद्द झाला, तर रद्द होऊन उपयोग काय? आणि आज थांबवलं, आणि अर्ज फेटाळला गेला, तर भाऊसोचं काय बिघडलं? गाड्या आणखी काही दिवस वळसा घेतील."

न्यायाधीश बराच वेळ कागद चाळत राहिले. बेलिफाचा रिपोर्ट त्यांनी दोनदा वाचला. मग म्हणाले, "तहकुबी देतो. पण जामीन हवा. अर्ज फेटाळला गेला आणि वादीचं नुकसान झालं, तर भरून देणारा माणूस आजच्या आज उभा करा."

बनुबाईनं कोर्टभर नजर फिरवली. आपल्या गावचं तिथं कोण होतं? भाऊसो आणि रहिमान. रहिमान पुढं आला. "मी ऱ्हातो जामीन. माझं घर हाय बोरखडीत, माझ्या नावावर."

"रहिमान, तुजं घर जाईल," बनुबाई म्हणाली.

"जाऊ दे की. माझी आई मला घरात घेनार न्हाई, मी गप बसलो तर."

हुकूम झाला. तोवर दुपार टळली होती. त्याची प्रत हातात पडत असतानाच मोहोळकरांच्या कारकुनानं बाहेरून बातमी आणली. बेलीफ सकाळीच बोरखडीला गेला होता. आज अर्ज आहे हे भाऊसोला ठाऊक होतं, म्हणून तो स्वतः कोर्टात थांबला होता आणि माणसं तिकडं पाठवली होती.

बनुबाईला परतीच्या वाटेचं पुढं काहीच आठवत नसे. रहिमाननं कुणाची तरी छकडा गाडी मिळवली. ती गाडीत बसलीच नाही, कासरा हातात घेऊन उभी राहिली. ज्या बाईनं कधी बैलाला टोचू दिलं नाही, तिनं त्या दिवशी बैल पळवले.

आळीत पोचली तेव्हा पश्चिमेची भिंत पडली होती. चुलीवर माती, उतरंडीच्या मडक्यांच्या खापऱ्या, आणि मोकळ्या जागेतून थेट भाऊसोचा ऊस दिसत होता. छप्पर मधल्या मेढीच्या खांबावर तेवढं टिकून होतं. माणसं गोठ्याला हात घालणार एवढ्यात तिनं कागद बेलिफाच्या तोंडासमोर धरला.

बेलिफानं वाचला. "थांबा रे," तो माणसांना म्हणाला.

कारभारी म्हणाला, "उरलंय किती? गोठा तेवढा पाडून घ्या. बाई उशिरा आली म्हना."

बनुबाई ढिगाऱ्यावर चढली आणि गोठ्याच्या दारात उभी राहिली. ओरडली नाही. आळीतल्या बायका सांगत की ती त्या वेळी एवढ्या हळू बोलली की सगळ्यांना जवळ यावं लागलं. "मेलेल्या बाईच्या नावानं एकदा लिवलंसा. आता जित्तीच्या अंगावर पहार घाला, आन् लिवा, भिंत पडून मेली म्हनून."

बेलिफानं डोक्यावरची टोपी नीट केली आणि निघून गेला. त्याच्या मागं पहारी-कुदळी घेऊन माणसंही गेली. त्या माणसांत ज्ञानू होता.

पुढचं प्रकरण लांबलं. इटलीहून अधिकारपत्र आलं ते पावसाळ्यानंतर. तारखा पडत गेल्या. भाऊसोच्या वकिलाला कधी ताप यायचा, कधी घरी लग्न असायचं. तहकुबी मात्र कायम राहिली आणि उसाच्या गाड्या नदीकडूनच वळसा घेत राहिल्या. रहिमाननं एक दिवस चार गाडी माती आणून टाकली, भिंत घालून देतो म्हणाला. बनुबाईनं ती माती परसात ढकलून ठेवली. "ज्येनं पाडली त्येनं घालायची. तवर मी हात लावनार न्हाई, आन् कुनाला लावू देनार न्हाई." मोकळ्या बाजूला तिनं उसाच्या पाचटाचा कूड उभा केला. वारा सुटला की चुलीतली राख घरभर व्हायची. पावसात पीठ भिजायचं. लोक म्हणाले, बाईचं डोकं फिरलं. ती म्हणाली, फिरू दे.

सेहेचाळीस साली नाथाजी परत आला. पायाला गोळीची जखम, केस पांढरे. घर पाहून तो उंबऱ्यावर बसला. दुसऱ्या दिवशी भाऊसोकडून निरोप आला, बसून मिटवू. नाथाजी तयार झाला.

"बने, गावात ऱ्हायचंय आपल्याला," तो म्हणाला. "मी लय बघितलं तिकडं. गावंच्या गावं सपाट झालेली. एका भिंतीसाठी कशाला? मी घालतो चार दिसात."

बनुबाई भाकरी थापत होती. थापायची थांबली. "आवं, तुमच्या आईला त्येंनी मसनातनं उठवून खोटं बोलाय लावलं. ती भिंत न्हाई माझ्या डोळ्यापुढं, ती हाय. तुमी मिटवा खुशाल. पर मंग ह्या घरात भाकरी तुमची तुमी थापायची." आणि पीठ तसंच टाकून ती रहिमानच्या घरी जाऊन मेहरुनबीजवळ बसली. नाथाजीनं त्या दिवशी खरंच स्वतः भाकरी थापली, आणि तारखेला कोर्टात गेला.

त्या तारखेला भाऊसोनं साक्षीला ज्ञानूला उभं केलं. अंबूबाई दारात आली, तिनं समन्स घेतलं नाही, असं ज्ञानू सांगून बसला. मोहोळकरांनी दोनच प्रश्न विचारले.

"अंबूबाईच्या मयताला तू होतास?"

ज्ञानूनं भाऊसोकडं पाहिलं नाही. नाथाजीकडंही पाहिलं नाही. "व्हय. खांदा दिला म्या."

"कधीची गोष्ट?"

"पूर आला त्या सालची," ज्ञानू म्हणाला आणि पिंजऱ्यातच खाली बसला.

हुकूमनामा रद्द झाला. मूळ दावा नव्यानं चालायचा होता, पण भाऊसोनं तो काढून घेतला. मोहोळकरांनी आणखी एक अर्ज दिला होता. हुकूमनामा गेला, तर त्याच्या जोरावर जे पाडलं ते पाडणाऱ्यानं होतं तसं करून द्यावं. कोर्टानं तेही मान्य केलं. सत्तेचाळीसच्या उन्हाळ्यात भाऊसोचे गवंडी भिंत घालायला आले, तेव्हा बनुबाई पाट टाकून समोर बसली आणि एक थर वाकडा आला तर तो उतरवून परत घालायला लावत होती. ज्ञानू चिखल तुडवायला होता. तो पाणी मागायला आला, तिनं तांब्या दिला. बोलली मात्र नाही, त्या दिवशीही नाही आणि नंतरही नाही. ज्ञानू मेला तेव्हा नाथाजी गेला खांदा द्यायला. बनुबाई दारातच उभी राहिली.

भिंत मिळाली म्हणून ती निवळली असं कुणाला वाटलं असेल तर ते खरं नाही. "आजून एक ऱ्हायलंय," ती म्हणायची. बेलिफाच्या खोट्या रिपोर्टाबद्दल मोहोळकरांनी तिच्या आंगठ्यानं तक्रार दिली होती. त्या तक्रारीची चौकशीच झाली नाही. बेलिफाची दुसऱ्या तालुक्याला बदली झाली, आणि पुढं तो पेन्शन घेऊन सुखानं घरी बसला. हे तिला एका बाजारात कळलं. मिरच्या निवडत होती, त्या तशाच टोपलीत टाकून उठली. पुढं म्हातारपणी, देश स्वतंत्र होऊन बरीच वर्षं लोटल्यावरही, तो विषय निघाला की तिच्या गळ्याच्या शिरा ताठ व्हायच्या आणि नाथाजी हळूच उठून म्हशींकडं जायचा.